गाजरगवत केव्हां उपटावें?

दरवर्षीं स्नेहसंमेलनाच्या आधीं आठ दिवस आमचें मैदान स्वच्छ करण्यांत येतें. खराटे निघतात, घमेलीं निघतात, आणि कुंपणाच्या कडेनें वाळून उभें राहिलेलें गाजरगवत उपटून एका कोपऱ्यांत त्याचा ढीग रचला जातो. पाहुण्यांस मैदान निर्मळ दिसतें. परंतु हा सारा उद्योग अवेळीं होतो व त्यापासून हिताऐवजीं अहितच होतें, असें माझें मत झालें आहे.

हें झाड मूळचें आपलें नव्हे. मेक्सिको व त्याच्या सभोंवारचा प्रदेश ही त्याची जन्मभूमि. पुण्यास तें १९५५ सालीं नजरेस आलें. परदेशच्या धान्याबरोबर त्याचें बीं आलें असें सामान्यतः मानितात. आज तें देशभर पसरलें आहे. कांहीं लोक त्यास चटकचांदणी म्हणतात. पण त्यांत चांदणीपेक्षां चटकाच अधिक! कोंवळेपणीं त्याचीं पानें जमिनीस चिकटून चक्राकार पसरतात व गाजराच्या किंवा शेवंतीच्या पानांसारखीं कातरलेलीं दिसतात. मुलांस तें याच वेळीं ओळखतां आलें पाहिजे. पुढें दांडा चढून पांढऱ्या चिमुकल्या फुलांचे झुबके आले म्हणजे कोणीही ओळखील. पण उगवल्यापासून महिना-दीड महिन्यांतच फूल धरतें, आणि एका मोठ्या झाडापासून १५,००० ते २५,००० बिया होतात. संमेलनाच्या वेळीं आम्ही वाळलेलें झाड झटकीत मैदानाच्या या टोंकापासून त्या टोंकापर्यंत ओढीत नेतों, तेव्हां ती पेरणीच होय.

दुसरी गोष्ट मला अधिक बोचते. गवत उपटणें ही आमच्याकडे शिक्षा आहे. उशिरां आलेला, गृहपाठ न केलेला मुलगा मैदानावर जातो, आणि तोही उघड्या हातांनीं. या झाडाच्या स्पर्शानें कित्येकांच्या अंगास खाज सुटते व चट्टे उठतात. त्याच्या परागांनीं दमा बळावतो. गेल्या पावसाळ्यांत एका विद्यार्थ्याचे हात मनगटापर्यंत सुजले. त्यास त्या कामावर मीच धाडिलें होतें.

याच प्रसंगीं दुसऱ्या एका चतुर मुलानें मला विचारिलें कीं, निदण कापणीपर्यंत राहूं द्यावें असें शुभवर्तमानांत आहे, मग आपण घाई कां करावी? मला हसूं आलें; परंतु प्रश्नास उत्तर देणें प्राप्त होतें. त्या दृष्टांतांतील निदण कोंवळेपणीं गव्हासारखेंच दिसतें, व तें उपटतांना गहूंही उपटला जाईल ही धन्यास भीति आहे. शिवाय तेथें न्याय माणसांचा आहे, मैदानाचा नव्हे. आमच्या कुंपणापाशीं गहूं तर नाहींच, साधी हरळीही या गवतानें उरूं दिली नाहीं.

तेव्हां आषाढ-श्रावणांत, जमीन ओली असतां व फूल येण्यापूर्वीं, तें मुळासकट काढावें. हातांत मोजे असावेत, तोंडास रुमाल बांधावा, व दम्याच्या मुलांस या कामापासून दूर ठेवावें. फुलांवर न आलेल्या झाडांचें खत उत्तम होतें. मोकळ्या झालेल्या जागीं टाकळा किंवा तरवड पेरल्यास गाजरगवतास पुन्हा जागा मिळणें कठीण जातें. १९८३ सालीं मेक्सिकोहून आणलेला एक भुंगेरा पावसाळ्यांत याचीं पानें कुरतडून खातो; तपकिरी रेघांच्या या पिवळसर किड्यास आमचे विद्यार्थी आगपेटींत कोंडतात, तें मात्र थांबविलें पाहिजे. तो एकटा पुरा पडत नाहीं, पण विनावेतन साह्य करतो.

माझी सूचना इतकीच कीं, जुलै महिन्यांतील दोन शनिवार या कामास द्यावे, तें शिक्षा म्हणून कोणास देऊं नये, व पहिल्या दिवशीं आम्ही शिक्षकांनींच आरंभ करावा. हातमोज्यांचा खर्च संमेलनाच्या पताकांतून सहज निघेल.