हप्ता दिसतो, मुदत दिसत नाही



व्यापारी घरातील माणूस मालाच्या खरेदीला बसला, की त्याची बुद्धी किती सूक्ष्म चालते हे मी बँकेच्या खिडकीमागून पस्तीस वर्षे पाहिले आहे. मालाचा भाव, हमाली, वाहतूक, तूट, उधारीचे दिवस, त्या दिवसांचे व्याज हे सारे मिळवून माल दुकानात आल्यावर नगास काय पडला, हे तो कागद न घेता सांगतो. हाच माणूस आयुष्यातील सर्वांत मोठी खरेदी, म्हणजे घर घेण्यासाठी कर्ज मागायला आला, की मात्र एकच प्रश्न विचारतो : "साहेब, हप्ता किती बसेल?" एकूण किती पडेल, हे विचारणारा ग्राहक मला क्वचितच भेटला. आजचा लेख त्या न विचारलेल्या प्रश्नाविषयी आहे.

प्रथम साधा हिशेब पाहू. ५० लाख रुपयांचे कर्ज, साडेआठ टक्के दर, मुदत २० वर्षे. हप्ता सुमारे ४३,३९१ रुपये येतो. असे २४० हप्ते मिळून १ कोटी ४ लाख रुपये होतात. म्हणजे ५० लाखांवर सुमारे ५४ लाख व्याज. हाच हिशेब १५ वर्षांसाठी केला, तर हप्ता ४९,२३७ रुपये आणि व्याज सुमारे ३८ लाख ६३ हजार. ३० वर्षांसाठी केला, तर हप्ता ३८,४४६ रुपये आणि व्याज ८८ लाखांच्या वर. पंधरा आणि तीस वर्षे यांच्या हप्त्यांत फरक आहे दरमहा अकरा हजारांहून कमी. व्याजात फरक आहे जवळजवळ पन्नास लाखांचा. दुसऱ्या शब्दांत सांगायचे, तर हप्ता हलका करण्यासाठी आपण आणखी एका घराची किंमत मोजतो.

दुसरी गोष्ट हप्त्याच्या पोटात काय असते याची. व्याज शिल्लक रकमेवर लागते, आणि आरंभी सगळीच रक्कम शिल्लक असते. त्यामुळे २० वर्षांच्या वरील कर्जात पहिल्या हप्त्यातील ३५,४१७ रुपये व्याजात जातात व मुद्दलात जेमतेम ७,९७४ रुपये जमा होतात. हप्त्याचा निम्म्याहून अधिक भाग मुद्दलात जाऊ लागण्यास जवळजवळ बारा वर्षे लागतात. दहा वर्षे नियमाने हप्ते भरल्यानंतर, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, शिल्लक विचारा. सुमारे ३५ लाख! निम्मा काळ गेला आणि मुद्दल फिटले तीस टक्के. यात फसवणूक काही नाही. हे शुद्ध गणित आहे. पण ते आधी ठाऊक असणे आणि दहा वर्षांनी कळणे यांत मोठे अंतर आहे.

हे सारे लिहिणारा मी स्वतः किती सावध होतो, तेही प्रांजळपणे सांगितले पाहिजे. माझे घर बँक कर्मचाऱ्यांना मिळणाऱ्या सवलतीच्या कर्जातून झाले. त्याला सरळव्याज, आणि तेही आधी मुद्दल फिटल्यावर भरायचे. त्यामुळे चक्राकार वाढणाऱ्या व्याजाचा चटका माझ्या घराला कधी बसलाच नाही. धाकटा मुलगा औषधांच्या घाऊक व्यापारात आहे. जानेवारी २०२२ मध्ये त्याने ५० लाखांचे गृहकर्ज घेतले, तेव्हा दर पावणेसात टक्के होता. हप्ता ३८,०१८ रुपये, मुदत २० वर्षे. दर बदलता आहे, रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी जोडलेला आहे, हे मला ठाऊक होते. सहकर्जदार म्हणून मी सहीही केली. करारातील मुदतवाढीचे कलम मात्र मी वाचले नाही. मुलाचे कर्ज आहे, दर स्वस्त आहे, एवढ्यावर समाधान मानले.

पुढे काय झाले ते सर्वांना स्मरत असेल. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. मुलाच्या कर्जाचा दर सव्वानऊ टक्के झाला. हप्ता मात्र तोच राहिला, म्हणून घरात कोणी काही बोलले नाही. जुलै २०२३ मध्ये तो सहज म्हणाला, "अण्णा, पुढच्या महिन्यापासून हप्ता ४०,८८३ होणार आहे. अडीच-तीन हजारांचा फरक, चालून जाईल." मलाही ते चालून जाण्यासारखेच वाटले. केवळ सवयीने मी खात्याचा उतारा मागवला.

उताऱ्यात दोन आकडे होते. पहिला : अठरा महिन्यांत भरलेल्या सुमारे ६ लाख ८४ हजारांपैकी मुद्दलात जमा झाले होते फक्त ८० हजार. अखेरच्या महिन्यांत तर ३८,०१८ रुपयांच्या हप्त्यातील शंभर रुपयेसुद्धा मुद्दलास लागत नव्हते. दुसरा : शिल्लक हप्ते. २४० मधून १८ गेले, म्हणजे २२२ हवेत. तेथे लिहिले होते ३४२. हप्ता वाढण्याआधीच मुदत दहा वर्षांनी वाढून बसली होती.

३४२ महिने म्हणजे साडेअठ्ठावीस वर्षे. मुलगा तेव्हा पस्तीस वर्षांचा होता. कर्ज फिटताना तो साडेत्रेसष्टचा होणार होता. नात चार वर्षांची होती. ती बत्तीस वर्षांची होणार होती. ४०,८८३ गुणिले ३४२ केले, तेव्हा उत्तर आले सुमारे १ कोटी ४० लाख. मी चष्मा पुसून पुन्हा गुणाकार केला. उत्तर तेच आले.

त्या रात्री आम्ही तिघे बसलो. मूळ मुदत, म्हणजे २२२ महिने कायम ठेवायची, तर हप्ता किती होईल ते काढले : ४६,३५३ रुपये. एकूण भरणा सुमारे १ कोटी ३ लाख. दरमहा ५,४७० रुपये अधिक भरले, तर सुमारे ३७ लाख रुपये वाचत होते. मुलगा कुरकुरला. मालाची उधारी, शाळेची फी, गोदामाचे भाडे, सारे त्याने मोजले. त्याचे खोटे नव्हते. सुनेने शांतपणे विचारले, "गाडी बदलायची ठरवली होती, ती आणखी चार वर्षे चालेल ना?" गाडी चालली. मुलाने बँकेत अर्ज दिला आणि मुदत पूर्ववत झाली. अर्ज एका पानाचा होता. तो देण्याची कल्पना मात्र कोणी आपणहून देत नाही.

आता नियम काय सांगतात ते लक्षात ठेवा. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने स्पष्ट केले, की दर बदलताना कर्जदारास हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्हींचा मेळ घालणे, असा पर्याय दिला पाहिजे. दर तिमाहीस मिळणाऱ्या विवरणात आजवर वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, शिल्लक हप्ते आणि वार्षिक दर दाखवला पाहिजे. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड २०१२ पासूनच बँकांना घेता येत नाही. ऑक्टोबर २०२४ पासून नवे कर्ज घेताना प्रमुख तथ्यपत्रक मिळते. त्यात सर्व शुल्के धरून वार्षिक खर्चाचा खरा दर लिहिलेला असतो. जाहिरातीतील दराकडे न पाहता या दराकडे पाहावे. आणि कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत; विलंब बँकेचा असेल, तर दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम आहे.

हप्त्याबाहेरचे खर्चही किमतीतच धरावेत. महाराष्ट्रातील शहरांत मुद्रांक शुल्क साधारण सहा ते सात टक्के पडते. खरेदीदार स्त्री असल्यास त्यात एक टक्क्याची सवलत आहे. नोंदणी शुल्क एक टक्का, कमाल ३०,००० रुपये. बांधकाम चालू असलेल्या घरावर सर्वसाधारणपणे ५ टक्के जीएसटी लागतो. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या घरावर नाही. याशिवाय प्रक्रिया शुल्क, गहाणाची नोंद, सोसायटीची वर्गणी. आणि एक गोष्ट विशेष सांगतो : विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून देतो, असे सांगितले जाते तेव्हा थांबावे. दीड लाखांचा विमा वीस वर्षांच्या कर्जात मिळवला, तर साडेआठ टक्क्यांनी तो ३ लाख १२ हजारांना पडतो. विमा आवश्यकच आहे. पण तो स्वतंत्र मुदत विमा म्हणून, वार्षिक हप्त्याने घ्यावा.

आता आपल्या बांधवांचा नेहमीचा आक्षेप. "साहेब, धंद्यात पैसा अठरा टक्के सुटतो, मग साडेआठ टक्क्यांचे कर्ज फेडायची घाई कशाला?" आक्षेप विचार करण्याजोगा आहे. पण ते अठरा टक्के कोणते? मालावरचा नफा, की बुडीत उधारी, दुकानभाडे, पगार, स्वतःच्या श्रमाचे मोल आणि आयकर वजा जाता हाती राहिलेले? तो आकडा खरोखरच साडेआठच्या वर असेल, तर भांडवल धंद्यातच ठेवा. मी त्यास विरोध करणार नाही. मात्र अनेकांच्या वह्यांत तो आकडा काढलेलाच नसतो. शिवाय धंद्यासाठी घेतलेल्या कर्जाचे व्याज खर्चात धरता येते. स्वतः राहण्याच्या घराच्या व्याजाची वजावट नव्या कररचनेत मिळत नाही आणि जुन्या रचनेत ती वर्षाला २ लाखांपर्यंतच आहे. वरच्या करटप्प्यातील व्यापाऱ्याला साडेदहा टक्क्यांची कॅश क्रेडिट करानंतर सव्वासात टक्क्यांच्या आसपास पडते. वजावट नसलेले साडेआठचे गृहकर्ज साडेआठलाच पडते. कर वाचतो म्हणून कर्ज चालू ठेवावे, हाही भ्रमच आहे. वर घेतलेल्या कर्जात पहिल्या वर्षीचे व्याज ४ लाख २१ हजार आणि जुन्या रचनेत वाचणारा कर अधिकात अधिक ६२ हजारांच्या घरात.

हंगामी व्यवसाय असणाऱ्यांसाठी एक मधला मार्ग आहे. काही बँका ओव्हरड्राफ्टच्या स्वरूपात गृहकर्ज देतात. त्या खात्यात शिल्लक रक्कम ठेवावी, तेवढ्यावर व्याज थांबते; गरज पडल्यास काढता येते. दर किंचित अधिक असतो, आणि स्वतःवर ताबा हवा. घरावरचा पैसा दर हंगामात मालात गुंतू लागला, तर घर कधीच मोकळे होत नाही. असे दोन-तीन ग्राहक मी पाहिले आहेत. धंद्यातील एका वाईट वर्षाने त्यांचे घरही ओढून नेले.

उपाय अवघड नाहीत. वर्षातून एक हप्ता जादा भरला, तर वरील २० वर्षांचे कर्ज सुमारे ३ वर्षे ४ महिने आधी फिटते आणि दहा लाखांहून अधिक व्याज वाचते. दरवर्षी हप्ता पाच टक्क्यांनी वाढवत नेला, तर तेच कर्ज सुमारे सव्वाबारा वर्षांत संपते. दर उतरले, जसे फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो दर एका टक्क्याने उतरला, तर हप्ता कमी करून घेऊ नये. हप्ता तोच ठेवावा म्हणजे मुदत घटते. मात्र सहा महिन्यांच्या घरखर्चाची रक्कम हाताशी ठेवल्याखेरीज जादा परतफेड करू नये.

श्रावकाच्या परिग्रह-परिमाण व्रतात मर्यादा घालण्याच्या वस्तूंमध्ये क्षेत्र-वास्तू, म्हणजे जमीन व घर, यांचे नाव प्रथम येते. घर घेऊ नये असा त्याचा अर्थ नाही. किती घ्यावे हे आधी ठरवावे, असा आहे. एक खोली अधिक घेण्यासाठी मुदत दहा वर्षांनी वाढत असेल, तर ती खोली आपण वापरणार आहोत की तिचे व्याज, हा प्रश्न सहीपूर्वी विचारावा.

येत्या दीपावलीस वहीपूजन होईल. त्या दिवशी दुकानाच्या नव्या वहीशेजारी गृहकर्जाचा उतारा ठेवा आणि घरातील सर्वांसमोर चार आकडे लिहून काढा : शिल्लक मुद्दल, चालू दर, शिल्लक हप्ते, आणि या वर्षात मुद्दलात जमा झालेली रक्कम. पुढच्या वर्षी त्याखाली पुन्हा चार आकडे लिहा. आमच्या घरी आता हे सूनबाई लिहितात. गेल्या वेळी नातीने शेजारी बसून शिल्लक हप्त्यांचा आकडा मोठ्याने वाचला आणि मागच्या वर्षीच्या आकड्यातून तो वजा केला. वजाबाकी बरोबर आली.

पुढील अंकात जामीनदार होण्यापूर्वी कोणते कागद वाचावेत, ते पाहू.