शिवपुरीत वाघ आणावे लागले. म्हादईत ते आपणहून येतात

ग्वाल्हेरच्या लष्कर भागातील दाल बाजारापासून शिवपुरीचे माधव राष्ट्रीय उद्यान सुमारे १२० किलोमीटरवर आहे. शिंदे संस्थानाचे हे एकेकाळचे शिकारीचे रान, आज माधवराव शिंदे यांच्या नावाने ओळखले जाते. रान राखले गेले, राष्ट्रीय उद्यानाचा दर्जाही मिळाला; वाघ मात्र गेल्या शतकाच्या उत्तरार्धात तेथून नाहीसा झाला. तो परत यावा म्हणून मार्च २०२३ मध्ये राज्याच्या इतर जंगलांतून पकडलेले वाघ येथे सोडावे लागले. मार्च २०२५ मध्ये हे उद्यान देशातील ५८ वा व्याघ्र प्रकल्प ठरले.

गोमंतकीय वाचकाने याची दखल घ्यावी, याला कारण आहे. आपल्याकडे वाघ कोणी आणून सोडलेला नाही. कर्नाटकातील काळी, भीमगड आणि महाराष्ट्रातील तिळारीच्या रानांशी जोडलेल्या म्हादई, मोले, नेत्रावळी, खोतीगाव या पट्ट्यात तो स्वतःच्या पायांनी वावरतो. मात्र जानेवारी २०२० मध्ये सत्तरीतील गोळावलीच्या रानात एक वाघीण आणि तिचे तीन बछडे मृतावस्थेत सापडले. गुरे मारल्याच्या रागातून विषप्रयोग झाल्याचे तपासात पुढे आले.

मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने २४ जुलै २०२३ रोजी तीन महिन्यांत व्याघ्र प्रकल्प अधिसूचित करण्याचा आदेश दिला. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. त्या न्यायालयाने नेमलेल्या केंद्रीय सक्षम समितीने कमी वस्तीच्या क्षेत्रापासून आरंभ करून टप्प्याटप्प्याने पुढे जाण्याची शिफारस केली आहे.

प्रश्न केवळ वाघांचा नाही. सत्तरीतील शेतकऱ्याला घर, कुळागर आणि काजूची बाग जाण्याची भीती वाटते, ती खोटी म्हणून उडवून लावता येणार नाही. परंतु वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार वनवासींचे स्थलांतर स्वेच्छेने, परस्परांस मान्य अटींवरच होऊ शकते. उच्च न्यायालयाच्या त्याच आदेशात वनहक्काचे दावे शक्यतो बारा महिन्यांत निकाली काढण्यासही सांगितले होते. विस्थापनाची भीती पुढे करणाऱ्या शासनाने आधी हे दावे निकालात काढले, तर त्या भीतीचे मूळच छाटले जाईल. गाय गमावलेल्याच्या हाती भरपाई लवकर पडली, तर विषाची बाटली बाहेर निघण्याचे कारणही उरणार नाही.

माधव उद्यान सांगते ते एवढेच: दर्जाने रान टिकते, वाघ टिकेलच असे नाही. गेलेला वाघ परत आणण्यासाठी पिंजरे, डार्ट, कॉलर आणि वर्षानुवर्षांची प्रतीक्षा लागते. महाराष्ट्रालाही ताडोबातील वाघीण सह्याद्रीत न्यावी लागली. आपल्याला तसे काही करावे लागत नाही. येणाऱ्याची वाट मोकळी ठेवणे आणि त्या वाटेवरच्या माणसाला त्याचा हक्क देणे, एवढेच करायचे आहे.