तार बंद झाली, तारेचा कायदा बोकांडी



चंद्रपूरहून निघणारी ५०० किलोव्होल्टची लाईन विदर्भातल्या कापूस-ज्वारीच्या रानांतून साडेसातशे किलोमीटर येऊन पडघ्याला थांबते. १९९९ पासून ती चालू आहे. पडघे भिवंडी तालुक्यात. पण पूर्वेकडून घाट उतरून तिथं जायचं तर शहापूर-मुरबाड ओलांडल्यावाचून वाट नाही. पुढं औरंगाबाद-पडघे ही ७६५ किलोव्होल्टचीही आली. तारेखाली तिकडं कापूस, इकडं भात. कायदा मात्र दोघांना एकच.

कोणता? १८८५ चा तारायंत्र कायदा. इंग्रजानं टेलिग्राफचे खांब रोवायला केलेला. २००३ च्या वीज कायद्याच्या कलम १६४ खाली सरकार तेच अधिकार वीज कंपनीला देतं. देशातली तारसेवा २०१३ साली बंद पडली. २०२३ च्या दूरसंचार कायद्यात हा जुना कायदा मोडीत काढायचं ठरलं, पण विजेच्या लाईनींपुरता त्याचा तिसरा भाग मुद्दाम राखून ठेवला. शेतकऱ्याला बांधणारी दोरी तेवढी सरकारला बरोबर आठवते!

कायदा म्हणतो, जमीन तुमचीच, कंपनीला फक्त वापराचा हक्क. सातबारा तुमचा, शेतसारा तुमचा, आणि तारेखाली घर बांधायला मनाई. ७६५ च्या दुहेरी लाईनीला ६७ मीटर रुंद पट्टा लागतो. दर १०० मीटर लांबीला ६६ गुंठे! पोरगा वेगळा निघाला तर त्यानं खोली कुठं उठवायची? या पट्ट्याला केंद्राच्या २०१५ च्या सूचनांत जमिनीच्या किमतीच्या जास्तीत जास्त १५ टक्के, जून २०२४ पासून ग्रामीण भागात ३० टक्के. उरलेले ७० टक्के कोणाच्या खिशात?

‘माझी संमती घेतली नाही’ एवढंच घेऊन कोर्टात जाल तर हराल. डिसेंबर २०१६ मध्ये सुप्रीम कोर्टात सेंच्युरी टेक्सटाईल्ससारखी बडी कंपनीही त्यावर हरली. मनाईहुकूम आणून देतो म्हणून फी घेणाऱ्या वकिलाला आधी हे विचारा.

शेतकऱ्यानं अडवलं की कंपनी कलम १६ खाली जिल्हाधिकाऱ्याचा हुकूम मागते. तिथं गप्प बसू नका. घर, गोठा, विहीर, झाडं दाखवणारा नकाशा लावून लेखी हरकत टाका, लाईन बांधाकडून न्या म्हणा. कमीत कमी नुकसान करायची अट कलम १० मध्येच आहे. भरपाई कमी वाटली तर कलम १६ खालीच जिल्हा न्यायाधीशाकडे अर्ज करा. केरळच्या लिविशा खटल्यात सुप्रीम कोर्टानं २००७ साली सांगितलंय की जमीन कुठं आहे, तार किती अंतरावर, कडेनं गेली की मधोमध, हे पाहून रक्कम ठरवावी. सरसकट दरावर अंगठा मागणाऱ्या दलालाला हा निकाल दाखवा.

कलम १७ तर कोणी सांगतच नाही. तार ओढून झाल्यावरही, तिथं घर बांधायचं असेल तर ती हलवा किंवा उंच करा अशी मागणी मालकाला करता येते. भरपाई घेतली असेल तर हलवण्याचा खर्च किंवा भरपाईची निम्मी रक्कम, यांतली लहान असेल ती भरावी लागते. कंपनीनं दाद दिली नाही तर पुन्हा जिल्हाधिकारी.

ज्यांच्या रानात खुणेचे दगड पडलेत त्यांनी सातबारा, नोटीस आणि भरपाईचे कागद घेऊन जिल्हा बैठकीला यावं. अर्ज तिथंच बसून लिहू.