तिनं हिशेब मांडला

मायलेकींत पैशावरून बिनसलं की आपण म्हणतो, घरातलं घरात राहू दे. अमेरिकेची जाझ गायिका बिली हॉलिडे हिनं तसं केलं नाही. तिच्या पैशावर आईनं खानावळ चालवली. पण लेकीला नड आली तेव्हा आईनं साफ हात वर केले! १९५६ च्या आत्मचरित्रात तिनं हे लिहिलंय. त्याच संतापातून, आर्थर हर्झोगच्या जोडीनं 'गॉड ब्लेस द चाइल्ड' हे गाणं बनलं. १९४१ मध्ये त्याचं ध्वनिमुद्रण झालं. गाण्याचा रोख एवढाच, की ज्याचं स्वतःचं काही आहे तोच सुखी.

आईविषयी असं जगजाहीर गावं का? मला तर त्यात काही वावगं वाटत नाही. कमावती लेक हिशेब मागते तेव्हा आपण तिलाच उर्मट ठरवतो. आमच्या बचत गटातल्या कितीतरी मुलींचं पासबुक अजून आईच्याच कपाटात असतं.