दिगू टिपणीस आणि आपण

आमच्या घरातून कॉलेजात आलेला मी पहिलाच. अरुण साधूंची 'सिंहासन' ही कादंबरी ग्रंथालयातून गावी नेली, तेव्हा मुंबईच्या मंत्र्यांचे राजकारण आपल्या हिंगोलीकडच्या शेतकऱ्याला काय कळणार, अशीच माझी समजूत होती. रात्री अण्णांना काही पाने वाचून दाखवली. खुर्ची डळमळू लागलेला मुख्यमंत्री, ती ओढू पाहणारा अर्थमंत्री, आज याच्या तर उद्या त्याच्या बैठकीत दिसणारे आमदार. अण्णा कधी शाळेत गेले नाहीत. ऐकून म्हणाले, "हे तर आपल्या सोसायटीचंच हाय की रे!"

खरेच होते ते. मागच्या निवडणुकीत अण्णा पडलेल्या पॅनेलकडून होते. पुढल्या हंगामात पीककर्जाच्या यादीत त्यांचे नाव नव्हते. हळदीच्या बेण्यासाठी सावकाराचे दार धरावे लागले. मुंबईत खाते जाते, गावात कर्ज जाते, रीत एकच. ती साधूंनी १९७७ साली उघडी करून दाखवली, म्हणूनच ही कादंबरी आजही जुनी वाटत नाही.

परंतु मला बोलायचे आहे ते दिगू टिपणीसबद्दल. हा पत्रकार सर्वांकडे जातो, सारे जाणतो आणि पाहत राहतो. जब्बार पटेलांच्या १९७९ च्या चित्रपटात शेवटी त्याला वेड लागते. काही मित्र म्हणतात, एकटा माणूस करणार तरी काय? मला हे पटत नाही. साधूंनी चीनच्या क्रांतीवर 'आणि ड्रॅगन जागा झाला' हे पुस्तक लिहिले. त्याच चीनमध्ये आज यान लिआन्के या कादंबरीकाराच्या, सत्तेवर बोट ठेवणाऱ्या काही कादंबऱ्यांवर बंदी आहे. आपल्याला 'सिंहासन' ग्रंथालयात सहज मिळते. ती वाचून नुसते 'छान आहे' म्हणत परत करणे, हा दिगूपणाच नव्हे काय?

अण्णांना यादी वाचता येत नाही, मला येते. दिवाळीच्या सुट्टीत मी सोसायटीत गेलो आणि यादी दाखवा म्हणालो. "शिकलास म्हणून लई शहाणा झालास का?" एवढेच उत्तर मिळाले. मग मी लेखी अर्ज दिला. पुढच्या वर्षीही नाव जाईल, अशी अण्णांना भीती वाटते. मलाही वाटते. तरी अर्ज मागे घेतलेला नाही.

मित्रहो, आपल्यापैकी कितीतरी जण घरातले पहिले वाचणारे आहेत. आपल्याला दिगू होणे परवडणारे नाही.