तोतयांचा खेळ, बहुमताची परीक्षा

जून २०२५मध्ये 'द ट्रेटर्स' या कार्यक्रमाची भारतीय आवृत्ती प्राइम व्हिडिओवर सुरू झाली आणि जैसलमेरच्या महालात जमलेल्या नामवंतांपैकी फितूर कोण, याची चर्चा शहरांतील घराघरांत रंगली. करण जोहर सूत्रसंचालक असलेल्या या स्पर्धेचा निकाल जुलैमध्ये लागला. अखेरच्या फितुराला ओळखून बाहेर काढणाऱ्या उर्फी जावेद आणि निकिता लुथर या दोन निरपराध खेळाडू विजयी ठरल्या. यांपैकी लुथर या व्यावसायिक पोकरपटू आहेत, हा तपशील दुर्लक्ष करण्याजोगा नाही. पत्त्यांच्या टेबलावर शक्यतांचा हिशेब मांडण्याची सवय अशा डावात उपयोगी पडते.

दूरचित्रवाणीच्या पडद्यावर आलेला हा प्रकार मुळात एका मोठ्या खेळकुळाचा भाग आहे. 'माफिया', 'वेअरवुल्फ', 'टाऊन ऑफ सेलम', 'अमंग अस' ही त्याच कुळातील नावे. इंग्रजीत त्यांना 'सोशल डिडक्शन' खेळ म्हणतात. मराठीत संशयखेळ म्हणता येईल. जो सफाईने खोटे बोलतो तोच यात जिंकतो, असा सर्वसाधारण समज आहे. तथापि या खेळांची रचना बारकाईने पाहिली, तर निकाल बव्हंशी दुसऱ्याच गोष्टीवर ठरतो असे आढळते. ज्यांना काहीच ठाऊक नाही असे बहुसंख्य लोक आपले अज्ञान कसे हाताळतात, ही ती गोष्ट होय.

मॉस्को ते अंतराळयान

या खेळांचे मूळ १९८६च्या सुमारास मॉस्को राज्य विद्यापीठात सापडते. तेथे मानसशास्त्राचा अभ्यास करणाऱ्या दिमित्री दाविदोव याने 'माफिया' हा खेळ रचला. गावातील काही जण गुपचूप टोळीचे सदस्य असतात. रात्री टोळी एकाचा बळी घेते आणि दिवसा सारे गाव सभा भरवून संशयिताला मतदानाने बाद करते. १९९७मध्ये अँड्र्यू प्लॉटकिन याने टोळीच्या जागी लांडगे आणले आणि 'वेअरवुल्फ' जन्माला आला. चिठ्ठ्या टाकून राजा, राणी, चोर, शिपाई ठरवणाऱ्या आपल्याकडील मुलांना यातील मूळ कल्पना अपरिचित नाही. चोराची चिठ्ठी हाती येऊनही चेहरा निर्विकार ठेवण्याची मजा पिढ्यान्‌पिढ्या अनुभवली गेली आहे.

संगणकावर हा खेळ २०१४च्या 'टाऊन ऑफ सेलम'मधून बऱ्यापैकी रुळला. खरी लाट मात्र 'अमंग अस'ने आणली. अमेरिकेतील इनरस्लॉथ या मोजक्या माणसांच्या कंपनीने जून २०१८मध्ये तो बाजारात आणला आणि दोन वर्षे त्याकडे फारसे कोणी फिरकले नाही. २०२०मध्ये करोनाच्या टाळेबंदीने माणसे घरात कोंडली गेली, थेट प्रक्षेपण करणाऱ्या खेळाडूंनी हा खेळ उचलला आणि चित्र पालटले. नोव्हेंबर २०२०मध्ये तो सुमारे ५० कोटी लोकांनी खेळल्याचा अंदाज सुपरडेटा या संस्थेने वर्तवला. अमेरिकी निवडणुकीच्या तोंडावर, २० ऑक्टोबर २०२० रोजी, अलेक्झांड्रिया ओकासिओ-कॉर्टेझ आणि इल्हान ओमर या लोकप्रतिनिधींनी मतदारांना आवाहन करण्यासाठी हाच खेळ निवडला. एका वेळी चार लाखांहून अधिक प्रेक्षक तो पाहत होते. भारतात २ सप्टेंबर २०२० रोजी पबजीसह ११८ ॲपवर बंदी आली. 'अमंग अस'ची लाट येथे पोहोचली तीही त्याच सुमारास.

खेळाचे स्वरूप सुटसुटीत आहे. अंतराळयानावर आरंभी चार ते दहा, तर जून २०२१पासून पंधरापर्यंत खेळाडू असू शकतात. बहुतेक जण क्रूमेट, म्हणजे यानावरचे प्रामाणिक कर्मचारी. त्यांनी तारा जोडणे, कचरा टाकणे यांसारखी कामे उरकायची. एक ते तीन जण इम्पोस्टर, म्हणजे तोतये. त्यांनी एकेकाला गाठून ठार करायचे आणि साळसूद चेहऱ्याने वावरायचे. मृतदेह सापडला की सभा भरते, चर्चा होते, मतदान होते आणि ज्याला सर्वाधिक मते पडतील तो यानाबाहेर फेकला जातो. सर्व कामे पूर्ण झाली किंवा सारे तोतये बाहेर गेले, तर कर्मचारी जिंकतात. तोतयांची संख्या उरलेल्या कर्मचाऱ्यांइतकी झाली, तर डाव तोतयांचा.

अल्पसंख्येचे बळ

येथे खरा संघर्ष माहिती असलेली अल्पसंख्या आणि माहिती नसलेली बहुसंख्या यांच्यात आहे. तोतये परस्परांना ओळखतात. कर्मचाऱ्याला स्वतःखेरीज कोणाचीच खात्री नसते. हे पारडे किती झुकलेले आहे, याचा हिशेब मार्क ब्रेव्हरमन, ओमिद एतेसामी आणि एल्चानन मोसेल या गणितज्ञांनी २००८मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात मांडला. गावाकडे गुप्तहेर नसेल, तर गावाच्या लोकसंख्येच्या वर्गमुळाच्या पटीतील टोळीही बरोबरीची झुंज देऊ शकते, असा त्यांचा निष्कर्ष आहे. म्हणजे गाव शंभरपट मोठे झाले, तरी टोळी दहापटच वाढवावी लागते. उलट, गावाकडे एखादा जरी गुप्तहेर असला तरी टोळीला लोकसंख्येच्या ठरावीक हिश्श्याइतके बळ लागते. खात्रीच्या माहितीचा एक झरा मिळाला की बहुसंख्येची ताकद कैक पटींनी वाढते, हा त्याचा मथितार्थ.

हा झरा चेहऱ्यावरून मात्र मिळत नाही. चार्ल्स बाँड आणि बेला डीपॉलो यांनी २००६मध्ये असत्य ओळखण्यासंबंधीच्या दोनशेहून अधिक अभ्यासांचा एकत्रित आढावा घेतला. त्यात माणसांचा अंदाज सरासरी ५४ टक्के वेळा बरोबर आल्याचे दिसले. नाणे उडवून मिळणाऱ्या यशापेक्षा हे फार अधिक नाही. 'तो घाबरून बोलला', 'ती गप्प होती' अशा कारणांनी मत देणारा खेळाडू वस्तुतः नाणेच उडवत असतो. लाजाळू किंवा नवखा कर्मचारी याच न्यायाने पहिल्या सभेत बळी जातो.

दहा खेळाडू आणि दोन तोतये असलेल्या डावात पहिला मृतदेह सापडतो, तेव्हा प्रत्येक कर्मचाऱ्यासमोर आठ जण असतात आणि त्यांतील सहा निर्दोष असतात. डोळे झाकून मत दिले, तर चारपैकी तीन वेळा ते निर्दोषावर पडणार. या घटकेला मत राखून ठेवण्याची सोय खेळातच आहे. 'स्किप' हे बटण नवख्यांना पळपुटेपणाचे वाटते. जाणत्यांना त्याची किंमत ठाऊक असते.

माफियाच्या मूळ नियमांत हे गणित अधिक स्पष्ट होते. चार जण उरले आहेत, त्यांत टोळीचा एक आहे आणि कोणाविरुद्धही पुरावा नाही. चौघांतून कोणालाही अंदाजाने बाद केले, तर यशाची शक्यता चारात एक. मतदान टाळले, तर रात्री एक जण मारला जाईल, तिघे उरतील आणि दुसऱ्या दिवशीची शक्यता तीनात एक. थांबल्याने गावाचे नुकसान न होता लाभच होतो. मात्र तिघे उरल्यावर थांबणे म्हणजे शरणागती, कारण पुढच्या रात्री दोघेच उरतात आणि डाव संपतो. 'अमंग अस'मध्ये सात जण आणि दोन तोतये उरले असता चुकीचा बळी दिला, तर चार कर्मचारी राहतात. दोघा तोतयांनी एकाच वेळी वार केले की बरोबरी होऊन डाव गेलाच. कोणत्या सभेत थांबता येते आणि कोणत्या सभेत थांबणे परवडत नाही, हे मोजणे ही जिंकण्याची पहिली पायरी होय.

कर्मचाऱ्यांची शिस्त

दुसरी पायरी साक्षीची. सभा भरताच 'कोणी केले?' असा गलका होतो. त्याऐवजी प्रत्येकाने आपण कोठे होतो, कोणासोबत होतो आणि कोणते काम केले, हे आधी सांगावे. प्रश्न मोकळा असावा. 'तू वीजघरात होतास ना?' असे विचारले की तोतयाला तयार उत्तर मिळते. 'तू कोठे होतास?' या प्रश्नाला त्याला स्वतःच उत्तर रचावे लागते. मृतदेह नेमका कोठे सापडला, हे सर्वांचे जबाब होईपर्यंत सांगितले नाही, तर अधिकच उत्तम. ज्याला ते स्थळ आधीच ठाऊक आहे, त्याची जीभ घसरू शकते.

तिसरी पायरी पडताळ्याची. वैद्यकीय कक्षातील तपासणीसारखी काही कामे इतरांना दिसतात आणि तोतयाला ती करता येत नाहीत. ती सोय चालू असेल, तर साक्षीदारासमोर ते काम करणारा निर्विवाद निर्दोष ठरतो. कोणी काम उरकल्याचे नाटक केले आणि एकूण कामांची पट्टी पुढे सरकली नाही, तर तोही पुरावाच. अर्थात, पट्टी लगेच बदलण्याची सोय डावात ठेवलेली असली पाहिजे. मेलेल्या खेळाडूंनीही आपली कामे पूर्ण करावीत, कारण ती मोजली जातात. रुसून डाव सोडणारा मृत खेळाडू आपल्याच पक्षाला पाडतो.

सर्वांत दुर्लक्षित पुरावा म्हणजे मतदानाची नोंद. माणसे बोलताना सहज खोटे बोलतात. मत देताना त्यांना कोणाचा तरी लाभ करावाच लागतो. एखादा तोतया उघडा पडला की आधीच्या सभांत त्याला कोणी वाचवले होते, हे आठवून पाहावे. एमआयटी आणि हार्वर्डशी संबंधित संशोधकांनी २०१९मध्ये 'ॲव्हलॉन' या संशयखेळासाठी 'डीपरोल' नावाची संगणकप्रणाली तयार केली. ती एक शब्दही बोलत नव्हती. केवळ कोणी कोणाच्या बाजूने मत दिले आणि मोहिमेचे काय झाले, एवढ्यावरून ती अंदाज बांधत असे. तरीही माणसांबरोबरच्या डावांत तिची कामगिरी माणसांपेक्षा सरस ठरली. वाक्चातुर्याला या खेळात किती मोल द्यावे, याचे उत्तर या प्रयोगात मिळते.

तोतयाची नीती

तोतयाच्या बाजूनेही हेच सूत्र लागू पडते. कसलेला तोतया फार खोटे बोलत नाही. तो बराच वेळ खरोखरच इतरांसोबत फिरतो, त्यामुळे सभेत त्याचे बहुतेक बोलणे खरे असते आणि असत्य एकाच क्षणापुरते उरते. दिवे बंद पाडले की कर्मचाऱ्यांची दृष्टी आखडते, तोतयाची नाही. ते सुरू करायला सारे एकाच जागी गर्दी करतात आणि त्या गर्दीतला वार कोणी केला हे सांगणे अवघड होते. कॅमेऱ्यावरील लाल दिवा लुकलुकत असेल तर कोणीतरी पाहत आहे, हे तो विसरत नाही. आपल्यावर विश्वास असलेल्या कर्मचाऱ्याला तो शेवटपर्यंत जिवंत ठेवतो, कारण निर्णायक मत त्याचेच असते. साथीदार उघडा पडला, तर त्याच्या विरोधात मत देऊन स्वतःची पत वाढवतो.

त्याचे मुख्य हत्यार मात्र कर्मचाऱ्यांची घाई हेच असते. तो सहसा पहिला आरोप करीत नाही. दोन निर्दोष एकमेकांवर तुटून पडले की तो दुसऱ्याच्या आरोपाला हळूच दुजोरा देतो. बळी निर्दोष निघाला, तर बोल मूळ आरोप करणाऱ्याला लागतो आणि पुढच्या सभेचा बळीही आपोआप ठरतो.

ऑनलाइन खेळांविषयीच्या सार्वजनिक चर्चेत या बाबी क्वचितच येतात. ऑगस्ट २०२५मध्ये संसदेने संमत केलेल्या आणि २२ ऑगस्टला राष्ट्रपतींची मंजुरी मिळालेल्या कायद्याने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांना मनाई केली. ई-क्रीडा आणि करमणुकीचे सामाजिक खेळ त्यापासून वेगळे ठेवले. पालकांची चिंता तेवढ्याने मिटत नाही. अनोळखी माणसांशी होणाऱ्या गप्पांत शिवीगाळ होते, आणि ऑक्टोबर २०२०मध्ये तर 'अमंग अस'च्या सभांत घुसखोराने राजकीय प्रचाराचे संदेश ओतले होते. लहान मुलांनी ओळखीच्या मंडळींबरोबर, खासगी डावात खेळावे, हे उत्तम.

खोटे बोलायला शिकवणारा खेळ म्हणून या प्रकाराला नाके मुरडली जातात. परंतु डावात दहापैकी आठ जणांच्या वाट्याला खोटेपणा येतच नाही. त्यांच्या वाट्याला येतो तो पुराव्याविना निवाडा करण्याचा मोह. हा मोह पडद्यापुरता राहत नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवर विश्वास ठेवून जमावाने नाथपंथी डवरी गोसावी समाजातील पाच निरपराधांचा जीव घेतला. तेथे कोणी 'तुम्ही कोठून आलात?' एवढे विचारून उत्तराचा पडताळा होईपर्यंत थांबले असते, तर पाच घरे उद्ध्वस्त झाली नसती. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने भारतात एक संदेश एका वेळी पाचच ठिकाणी पुढे पाठवण्याची मर्यादा आणली, तीही मुळात घाईला लगाम घालण्यासाठीच.

खेळात यानाबाहेर फेकलेला निर्दोष पुढच्या डावात परत येतो. म्हणूनच तेथे चुका करून शिकणे परवडते. आरोपाआधी जबाब, जबाबानंतर पडताळा आणि पडताळा होत नसेल तर मत राखून ठेवणे, एवढी शिस्त मुलांच्या अंगी मोबाइलवरच्या डावात मुरली, तर हार-जीत दुय्यम ठरेल.