छापचित्रांच्या इतिहासात आमचे पान कोठे?

दरवर्षी ६ डिसेंबरला मीरा रोड-भाईंदरची आंबेडकरी कुटुंबे लोकलने दादर गाठतात. चैत्यभूमीवर अभिवादन करून परतताना प्रत्येकाच्या हातात काही ना काही असतेच. शिवाजी पार्कच्या स्टॉलवरून घेतलेले पुस्तक, नव्या वर्षाचे कॅलेंडर, बाबासाहेबांची नाही तर तथागतांची तसबीर. ती तसबीर घरातल्या दर्शनी भिंतीवर लागते. वर्ष सरले की कॅलेंडर खाली उतरते आणि रद्दीत जाते. त्या कॅलेंडरवरचे चित्र कोणी काढले, कोणत्या प्रेसमध्ये छापले, किती प्रती निघाल्या, हे आपण विचारत नाही. पण कलेच्या इतिहासात नेमके हेच प्रश्न विचारले जातात. आणि ज्यांच्याविषयी ते विचारले गेले नाहीत, त्यांना त्या इतिहासात जागा मिळत नाही.

संग्रहालयाचा अभिरक्षक, ज्याला आपण क्युरेटर म्हणतो, तो वस्तू नुसत्या कपाटात ठेवत नाही. काय जपायचे आणि काय सोडून द्यायचे, हे तो ठरवतो. मग त्यावर ग्रंथ लिहितो. विद्यार्थी तो ग्रंथ वाचतात, प्राध्यापक शिकवतात, आणि पुढच्या पिढीला तेवढीच कला ठाऊक होते. म्हणून क्युरेटरांच्या ग्रंथांकडे श्रीमंतांचा शौक म्हणून पाहून चालणार नाही. कोणाची आठवण टिकणार, याचा निवाडा त्यात होत असतो.

न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टचे उदाहरण घ्या. तेथील छापचित्र विभागाच्या क्युरेटर डेबोरा वाय यांनी १९८८ साली ‘कमिटेड टू प्रिंट’ हे प्रदर्शन भरवले आणि त्याच नावाचा ग्रंथ लिहिला. सामाजिक-राजकीय विषयांवरील अमेरिकन छापचित्रांची त्यांनी सहा भागांत मांडणी केली. राज्यकर्ते, वंश आणि संस्कृती, स्त्री-पुरुष भेद, अणुशक्ती आणि पर्यावरण, युद्ध आणि क्रांती, अर्थकारण आणि वर्गसंघर्ष असे ते सहा भाग. भांडवलशाहीच्या राजधानीतील संग्रहालयाने वंशभेदाला आणि वर्गसंघर्षाला स्वतंत्र दालन दिले. आता आपल्याकडे विचारून पाहा. जातीच्या नावाने असे दालन आपल्या कोणत्या सरकारी संग्रहालयाने उघडले?

दुसरा ग्रंथ आपल्याला अधिक जवळचा आहे. त्याच संग्रहालयाच्या ज्युडिथ हेकर यांनी २०११ साली १९६५ पासूनच्या दक्षिण आफ्रिकेतील छापचित्रांवर पुस्तक सिद्ध केले. वर्णद्वेषी राजवटीत काळ्या माणसाला गोऱ्यांच्या कलाशाळांची दारे बहुतेक बंदच होती. त्याने लिनोकट हाती घेतला, कारण त्याला लागते तरी काय? लिनोलियमचा तुकडा, कोरायला हत्यार, रोलर आणि शाई. यंत्र नसले तरी चमच्याच्या पाठीने कागद घासून ठसा उमटवता येतो. एका ठशातून शेकडो प्रती निघतात. नामिबियाचा जॉन मुआफांगेजो हा रॉर्क्स ड्रिफ्टच्या मिशन केंद्रात शिकलेला कलावंत याच साधनाने आपल्या लोकांचे जगणे कोरत राहिला. शेजारच्या बोत्स्वानात निर्वासित कलावंतांनी ‘मेदू’ हा गट काढला आणि लढ्याची पोस्टर्स छापली. १४ जून १९८५ रोजी दक्षिण आफ्रिकेच्या लष्कराने सीमा ओलांडून गॅबोरोनवर छापा घातला. त्यात मेदूचे चित्रकार थामी म्न्येले मारले गेले. सत्तेला छापील चित्राची किती धास्ती असते, हे यावरून समजते.

आता आपल्या महाराष्ट्राकडे वळू. पुण्यात १८७८ साली चित्रशाळा प्रेस निघाला. १८९४ साली राजा रविवर्मा यांनी मुंबईत शिळाछापाचा कारखाना सुरू केला, तो पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. या छापखान्यांनी देवदेवतांची चित्रे घराघरांत पोहोचवली. त्यांच्यावर भरपूर लिहिले गेले आहे. पॉला सेनगुप्ता यांनीही २०१२ साली भारतीय छापचित्रांच्या चार शतकांचा पट ग्रंथरूपाने मांडला. हे काम मोलाचेच आहे. पण ज्यांना देवळाची पायरी चढू दिली नाही, त्यांनी भिंतीवरचे देव उतरवून तेथे बुद्ध आणि बाबासाहेब लावले. भारताच्या छापील चित्रांच्या इतिहासातली ही केवढी मोठी उलथापालथ! तिचा संग्रह कोणी करायचा?

कलावंत आपल्याकडे नाहीत असे नाही. भाईंदरहून चर्चगेट लोकल पकडली की वाटेत अंधेरी लागते. तेथे चित्तप्रसाद यांनी अनेक वर्षे राहून कष्टकऱ्यांची आणि राबणाऱ्या मुलांची लिनोकट चित्रे कोरली. बंगालच्या दुष्काळावरचे त्यांचे ‘हंग्री बेंगॉल’ इंग्रज सरकारने जप्त करून जाळले होते. नागपूरचे सवी सावरकर बडोद्याला छापचित्रण शिकले. गळ्यात मडके आणि पाठीला झाडू बांधलेला अस्पृश्य, देवदासी यांना त्यांनी आपल्या चित्रांत आणले. दलित कलेची आणि दृश्यप्रतिमांची चर्चा करणारा मोठा इंग्रजी ग्रंथ २०१२ साली निघाला, त्याचे संपादक मात्र गॅरी टार्टाकोव्ह हे अमेरिकन प्राध्यापक! त्यांचे आभार मानू, पण आपल्या घरचा हिशेब परक्याने ठेवावा, ही काही भूषणाची गोष्ट नव्हे.

याहून बोचरी गोष्ट पुढेच आहे. २०१९ साली उन्नामती श्याम सुंदर यांचे ‘नो लाफिंग मॅटर’ हे पुस्तक आले. १९३२ ते १९४८ या काळात वृत्तपत्रांतून बाबासाहेबांवर निघालेली व्यंगचित्रे त्यांनी शोधून काढली आणि त्यांतला जातीय विखार उघडा केला. ही चित्रे सापडली कशी? ती छापणाऱ्या वृत्तपत्रांचे अंक ग्रंथालयांनी जपले होते म्हणून. म्हणजे बाबासाहेबांची टिंगल करणारे चित्र सुरक्षित राहिले. त्याच काळात आमच्या माणसांनी सभेसाठी काढलेले पोस्टर, जयंतीचे पत्रक, जलशाची जाहिरात मात्र पावसात भिजली, वाळवीने खाल्ली. दादरच्या आंबेडकर भवनातील बुद्धभूषण प्रेस २५ जून २०१६ च्या पहाटे पाडण्यात आला, तेव्हा समाज रस्त्यावर आला. तो संताप रास्तच होता. पण त्या संतापातून छापील वारशाची एखादी सूची तरी तयार झाली का?

इंदू मिलच्या स्मारकाचे भूमिपूजन २०१५ साली झाले. २०२० साली चौथऱ्यासह पुतळ्याची उंची ४५० फूट करण्याचा निर्णय झाला. उंचीवर किती चर्चा झाली, किती श्रेय लाटले गेले! तेथे ‘मूकनायक’पासूनची मुद्रणपरंपरा, पोस्टर्स, कॅलेंडरे, ठसे आणि छापचित्रे यांचे कायमचे दालन हवे, त्याला आपला जाणकार क्युरेटर हवा आणि त्याने ग्रंथ लिहावा, ही मागणी आता आपण लावून धरली पाहिजे.

मात्र शासनाची वाट पाहत बसायचे कारण नाही. २००२ साली महानगरपालिका झालेल्या आपल्या मीरा-भाईंदरमध्ये प्रत्येक वस्तीतल्या बुद्धविहाराने सुरुवात करावी. घरोघरीची जुनी कॅलेंडरे, पत्रके, लग्नपत्रिका, जयंतीची पोस्टर्स गोळा करावीत. तळाशी बारीक अक्षरात मुद्रकाचे नाव-गाव सापडते, कारण १८६७ च्या कायद्याने ते छापण्याची सक्ती केली होती. ते नाव वहीत उतरवावे. कागद लॅमिनेट करू नये, डिंकाने चिकटवू नये. आपल्याकडे खाडीची ओल फार, म्हणून कोरड्या जागी सपाट ठेवावा. डेबोरा वाय यांचा ग्रंथ त्यांच्या संग्रहालयाने इंटरनेटवर मोफत ठेवला आहे. आपल्या चित्रकला शिकणाऱ्या मुलामुलींनी तो जरूर पाहावा आणि अशी नोंद कशी करतात ते शिकून घ्यावे. येत्या ६ डिसेंबरला दादरहून नवे कॅलेंडर आणाल, तेव्हा जुने रद्दीवाल्याला देऊ नका. त्याच्या पाठीमागे साल लिहा आणि विहारात नेऊन द्या.